थकीत कर्जाची तडजोड : बँकेचं टेबल, लोकअदालत, डीआरटी की हायकोर्ट?

हातात बँकेची ६० दिवसांची नोटीस पडली की घरात पहिला प्रश्न निघतो तो हा : कोर्टात गेलो तर किती टक्के सूट मिळेल? हा प्रश्न चुकीच्या खिडकीवर उभा आहे. मुद्दल-व्याजात सूट द्यायची की नाही हे बँक ठरवते आणि कोर्ट तिला ती द्यायला लावत नाही. कोर्टाकडून मिळतात त्या गोष्टी तीन : बँकेचं बेकायदा पाऊल अडवणं, काही रक्कम भरायला लावून थोडी मुदत, आणि ठरलेल्या तडजोडीला हुकूमनाम्याचं बळ. यातलं आपल्याला काय हवंय आणि बँक आज कोणत्या पायरीवर आहे, एवढं कळलं की कोणता दरवाजा ठोठावायचा हे बरंचसं ठरून जातं.

आधी पाकीट नीट वाचा

हप्ता ९० दिवसांहून जास्त थकला की खातं एनपीए, म्हणजे अनुत्पादक, होतं. घर, दुकान किंवा गाळा तारण असेल तर बँक सहसा दिवाणी दाव्याच्या फंदात पडत नाही, कोर्टात दावा न लावता तारण ताब्यात घेऊन विकायची मुभा देणारा २००२ चा सरफेसी कायदा वापरते. पहिली पायरी कलम १३(२) ची मागणी नोटीस, मुदत ६० दिवस. या नोटिशीला लेखी हरकत घेता येते आणि बँकेला त्यावर १५ दिवसांत कारणांसह उत्तर द्यावं लागतं. ६० दिवस उलटले की कलम १३(४) खाली ताबा. तो बहुतेकदा आधी प्रतीकात्मक असतो, म्हणजे दारावर नोटीस चिकटवतात आणि ७ दिवसांच्या आत दोन वर्तमानपत्रांत, त्यातल्या एका स्थानिक भाषेतल्या, छापतात. प्रत्यक्ष ताब्यासाठी बँक कलम १४ खाली मुख्य दंडाधिकारी किंवा जिल्हाधिकाऱ्यांकडे जाते. तिथे ३० दिवसांत, फार तर एकूण ६० दिवसांत आदेश व्हावा असं कायदा सांगतो आणि त्या टप्प्यावर कर्जदाराला सुनावणी मिळत नाही. कुलूप काढायला पोलिसांबरोबर येणारी व्यक्ती पुष्कळदा कोर्टाने नेमलेली वकील-कमिशनर असते. ही नेमणूक वैध असल्याचं सर्वोच्च न्यायालयाने फेब्रुवारी २०२२ मध्ये, मुंबईच्याच एका सहकारी बँकेच्या प्रकरणात, स्पष्ट केलं. त्यानंतर ३० दिवसांची विक्रीची नोटीस. पहिला लिलाव फसला तर पुढच्याला १५ दिवस पुरतात.

सगळ्याच कर्जांना हा कायदा लागू नाही. पर्सनल लोन आणि क्रेडिट कार्डाला तारणच नसतं. एनबीएफसीला, म्हणजे बँक नसलेल्या वित्त कंपनीला, तो २० लाख आणि त्याहून मोठ्या कर्जापुरताच वापरता येतो आणि त्या कंपनीची मालमत्ता १०० कोटींची असावी लागते. गावची शेतजमीन तारण दिली असेल तर कलम ३१ प्रमाणे ती या कायद्याच्या बाहेर आहे. मुंबईत धंदा आणि साताऱ्यात जमीन असलेल्या कितीतरी जणांना हे ठाऊक नसतं.

आणखी एक गोष्ट आधीच तपासा : कर्ज आज कोणाकडे आहे? बँकेने ते मालमत्ता पुनर्रचना कंपनीला, म्हणजे एआरसीला, विकलं असेल तर शाखेत खेटे घालण्यात अर्थ नाही. तडजोड तिच्याशीच करावी लागेल.

बँकेचं टेबल : सूट फक्त इथेच ठरते

८ जून २०२३ रोजी रिझर्व्ह बँकेने तडजोडीची चौकट जाहीर केली. नागरी सहकारी बँका आणि एनबीएफसीसुद्धा तिच्यात येतात. प्रत्येक संस्थेचं संचालक मंडळाने मंजूर केलेलं तडजोडीचं धोरण हवं, किती सोडायचं हे ठरवताना तारणाची आजची वसूल होण्याजोगी किंमत धरायची, आणि मंजुरी देणारा अधिकारी कर्ज मंजूर करणाऱ्यापेक्षा निदान एक पायरी वरचा हवा. शेवटच्या अटीमुळेच शाखाधिकारी ‘होऊन जाईल, काळजी करू नका’ म्हणाला तरी त्या शब्दाला किंमत नसते. लेखी मंजुरीपत्र येईपर्यंत काहीच ठरलेलं नाही.

तारणाच्या किमतीचा मुद्दा मुंबईत फार आडवा येतो. समजा, येणं ४५ लाख आहे आणि कांदिवलीचा फ्लॅट घाईच्या विक्रीतही ६० लाखांना जाईल. मग बँक सूट कशासाठी देईल? दंडाची आकारणी, वसुलीचा खर्च आणि फार तर थोडं व्याज, एवढ्यावर गाडी थांबते. तेच ४५ लाख साकीनाक्याच्या अशा गाळ्यावर असतील, ज्याचा नकाशा मंजूर नाही किंवा आत जुना भाडेकरू बसलाय, आणि मूल्यांकन २५ लाखांवर आलंय, तर खरी सूट तिथे मिळते. घरातलं आजारपण, बुडालेला धंदा, गेलेली नोकरी हे अर्जात जरूर लिहावं, कागदपत्रं जोडावीत. पण समितीपुढचा आकडा मूल्यांकनाच्या अहवालातून निघतो. म्हणून प्रस्ताव देण्याआधी स्वतःच्या खर्चाने मान्यताप्राप्त व्हॅल्युअरकडून मालमत्तेचा अहवाल घेणं हे वकिलाच्या पहिल्या फीइतकंच उपयोगाचं ठरतं. तारणातले दोष एरवी आपण लपवतो, इथे ते मांडायचे असतात.

प्रस्तावाबरोबर काही रक्कम आधी भरा, असं बहुतेक योजनांत असतं. ती ‘नो लिएन’ खात्यात, म्हणजे बँकेला परस्पर वळती करता येत नाही अशा खात्यात, ठेवून घ्यावी, आणि प्रस्ताव नाकारला तर परत मिळेल हे पत्रात लिहून घ्यावं. नुसती कर्जखात्यात भरली की ती व्याजात जिरते आणि प्रस्ताव फेटाळला तर हातात काही उरत नाही. दुसरी गफलत मुदतीची. ठरलेली रक्कम भरायला तीन महिन्यांहून जास्त वेळ लागणार असेल तर रिझर्व्ह बँकेच्या चौकटीप्रमाणे ती तडजोड न राहता कर्जाची पुनर्रचना धरली जाते आणि तिचे नियम वेगळे, कडक असतात. ‘दोन वर्षांत हप्त्याहप्त्याने देतो’ हा प्रस्ताव म्हणूनच टेबलावर टिकत नाही. पैसा कुठून येणार, भावाकडून, गावची जागा विकून की दुसऱ्या ग्राहकाला गाळा देऊन, याचा पुरावा जोडलेला प्रस्ताव मात्र वाचला जातो.

जुन्या, विनातारण कर्जाबाबत पत्र लिहिण्याआधी थांबावं. शेवटच्या भरण्यापासून किंवा शेवटच्या लेखी कबुलीपासून तीन वर्षं व्हायला आली असतील, तर ‘माझ्याकडे इतकं येणं आहे, तडजोड करा’ अशा सहीच्या पत्राने मुदत कायद्याच्या कलम १८ प्रमाणे ती तीन वर्षं पुन्हा पहिल्यापासून सुरू होतात. मुदत संपून गेल्यावर सही करून पैसे द्यायचं वचन दिलं तर करार कायद्याचं कलम २५(३) मेलेलं कर्ज उठवून उभं करतं. असं पत्र आधी वकिलाला दाखवावं.

लोकलच्या डब्यात चिकटवलेल्या ‘कर्ज ५०% माफ’वाल्या एजन्सींना बँकेत कसलंही स्थान नसतं. त्या आधी फी घेतात, हप्ता बंद करायला सांगतात आणि मग नोटिसा तुमच्याच पत्त्यावर येतात.

लघुउद्योगाचा गाळा असेल तर

२९ मे २०१५ च्या अधिसूचनेप्रमाणे २५ कोटींपर्यंतची कर्जं असलेल्या सूक्ष्म, लघु आणि मध्यम उद्योगांसाठी पुनरुज्जीवनाची वेगळी चौकट आहे. ती बँकांवर बंधनकारक आहे असं सर्वोच्च न्यायालयाने १ ऑगस्ट २०२४ रोजी प्रो निट्स विरुद्ध कॅनरा बँक या, मुंबई उच्च न्यायालयातून वर गेलेल्या प्रकरणात सांगितलं. त्याच निकालातली दुसरी बाजू कर्जदाराला जड जाणारी आहे : आपण एमएसएमई आहोत हे कागदांसह बँकेला सांगायची जबाबदारी उद्योजकाचीच, आणि तीही खातं एनपीए होण्याआधी. ताबा घ्यायला माणसं आल्यावर ‘उद्यम’ या एमएसएमई नोंदणीचं प्रमाणपत्र काढून दाखवणाऱ्याला या निकालाचा आधार मिळत नाही. पहिला-दुसरा हप्ता चुकतो आहे, तोच या अर्जाचा काळ.

लोकअदालत : लहान, विनातारण कर्जाला उत्तम

राष्ट्रीय लोकअदालत वर्षातून साधारण चार वेळा, शनिवारी भरते. बँका आपली दाखलपूर्व प्रकरणं तिथे ठेवतात, फी काही नाही. दावा आधीच चालू असेल आणि तिथे मिटला तर भरलेलं कोर्ट फीचं मूल्य परत मिळतं. निवाडा दिवाणी हुकूमनाम्याच्या बरोबरीचा असतो आणि त्यावर अपील नाही.

अपील नाही हे दोन्ही बाजूंनी कापतं. बँक पुढे फिरू शकत नाही, तसे तुम्हीही फिरू शकत नाही. हप्ता चुकला तर बँकेला नवा दावा लावायची गरज उरत नाही, ती थेट अंमलबजावणीला जाते. त्यामुळे त्या शनिवारच्या गर्दीत, रांगेत मागे पन्नास जण उभे असताना, घाईने सही करणं हीच इथली मोठी चूक. बँकेचा अधिकारी ठरलेल्या मर्यादेचा आकडा घेऊन आलेला असतो. त्याच्याशी आठवडाभर आधी बोलणी करून, मजकूर ठरवून जावं आणि लोकअदालतीत फक्त शिक्का घ्यावा.

पर्सनल लोन, क्रेडिट कार्ड, लहान मुदत कर्ज यांना हा मार्ग सर्वांत स्वस्त आणि पुष्कळदा सर्वांत उदार, कारण तारण नसल्याने बँकेकडे दुसरा हुकमाचा पत्ता नसतो. घरकर्जाला तो फारसा कामाचा नाही. शिवाय लोकअदालतीची नोटीस आली म्हणून सरफेसीची कारवाई थांबत नाही. हे न कळल्याने घर गमावण्याची वेळ येऊ शकते.

डीआरटी : लिलाव अडवायचा असेल तर खरी जागा

डीआरटी म्हणजे कर्जवसुली न्यायाधिकरण. त्याची मुंबईत तीन पीठं आहेत, कुलाब्याला आणि वाशीला. बँक २० लाख आणि त्यावरच्या वसुलीसाठी इथे अर्ज करते. कर्जदार मात्र सरफेसीच्या कलम १७ खाली कोणत्याही रकमेसाठी येऊ शकतो, अट एवढीच की १३(४) खालचं पाऊल पडलेलं हवं. नुसत्या मागणी नोटिशीला इथे आव्हान देता येत नाही. मुदत ४५ दिवस, त्या त्या पावलापासून. उशीर माफ होईल या भरवशावर राहू नये.

फी येण्यावर ठरते. १० लाखांच्या आत दर लाखाला ५०० रुपये. १० लाख आणि पुढे, ५,००० रुपये आणि १० लाखांच्या वरच्या प्रत्येक लाखाला २५० रुपये, कमाल १ लाख. म्हणजे ४५ लाखांच्या येण्यावर १३,७५० रुपये. वकिलाची फी अर्थात वेगळी आणि पुष्कळ जास्त.

कोणत्या मुद्द्यांवर इथे कान दिला जातो? नोटीस चुकीच्या किंवा जुन्या पत्त्यावर गेली आणि पोचलीच नाही. १३(२) च्या हरकतीला बँकेने उत्तरच दिलं नाही. विक्रीच्या नोटिशीत ३० दिवस भरत नाहीत. मूल्यांकन जुनं आहे आणि राखीव किंमत त्यामुळे पडलेली आहे. भरलेली रक्कम खात्यात दाखवलेलीच नाही. यासाठी टपालाचं पाकीट तारखेच्या शिक्क्यासह जपावं, दारावर चिकटवलेल्या कागदाचा फोटो तारखेसह काढावा, वर्तमानपत्राचं पान ठेवावं. ‘परिस्थिती वाईट आहे’ हा मुद्दा न्यायाधिकरणाच्या कामाचा नाही.

स्थगिती मिळते तेव्हा बहुतेकदा ती रक्कम भरण्याच्या अटीवर मिळते. किती, हे न्यायाधिकरणाच्या मर्जीवर. पण रिकाम्या हाताने गेलेल्याला बहुधा रिकाम्या हाताने परतावं लागतं. अर्जातच ‘अमुक रक्कम अमुक तारखेला भरायला तयार आहे’ असं लिहून, जमलं तर डिमांड ड्राफ्टची प्रत जोडावी. लिलावाच्या दोन दिवस आधी एकतर्फी स्थगिती मिळेल हा हिशेबही आता चुकतो, कारण बँका कलम १८सी खाली आधीच कॅव्हेट टाकून ठेवतात आणि मग त्यांना प्रत दिल्याशिवाय काही घडत नाही.

दोन गोष्टींची जाणीव ठेवून इथे यावं. पहिली, जिंकलात तरी कर्ज उरतंच. ताबा बेकायदा ठरला तर घर परत मिळतं, पण बँक चूक सुधारून पुन्हा पहिल्या नोटिशीपासून सुरू करू शकते. तुम्हाला मिळाले ते काही महिने, आणि तडजोडीचं बोलणं त्या महिन्यांत उरकायचं असतं. दुसरी गोष्ट हरण्याची. वर अपील न्यायाधिकरणात, म्हणजे डीआरएटीमध्ये, ३० दिवसांत जावं लागतं आणि येण्याच्या ५०% रक्कम भरल्याशिवाय अपील ऐकलं जात नाही. ही रक्कम २५% पर्यंत कमी होऊ शकते, त्याखाली नाही. ४५ लाखांवर ती साडेबावीस लाख, किंवा मेहरबानी झाली तर सव्वाअकरा लाख. एवढी रोकड हाताशी असेल तर ती तडजोडीत घालणं अधिक शहाणपणाचं.

घर सोडवून घेण्याचा हक्क कधी संपतो, हे तर पाठच करून ठेवावं. २०१६ च्या दुरुस्तीनंतर कलम १३(८) प्रमाणे सगळं येणं खर्चासह भरून तारण सोडवायचा हक्क लिलावाची नोटीस प्रसिद्ध होईपर्यंतच आहे. २१ सप्टेंबर २०२३ चा सेलिर विरुद्ध बाफना मोटर्स (मुंबई) हा निकाल याबाबत डोळे उघडणारा. नवी मुंबईतल्या मालमत्तेवर १०५.०५ कोटींची बोली लागली होती. कर्जदार १२९ कोटी द्यायला तयार होता, बँकेची हरकत नव्हती, मुंबई उच्च न्यायालयाने तारण सोडवायला परवानगीही दिली होती. सर्वोच्च न्यायालयाने ती रद्द केली आणि मालमत्ता बोली लावणाऱ्याला गेली. थोडक्यात, लिलावाची जाहिरात छापून आल्यानंतर बँकेशी बोलणी झालीच, तर बोली लागण्याआधी ती जाहिरात लेखी मागे घेतली जायला हवी. ‘तुम्ही पैसे भरा, लिलावाचं आम्ही बघतो’ यावर विसंबू नये.

हायकोर्ट : वाटतं तितकं जवळ नाही

फोर्टात जाऊन रिट, म्हणजे हायकोर्टाकडे थेट दाद मागणारी याचिका, टाकली की सगळं थांबतं, ही समजूत अजून पक्की आहे. २०१० च्या सत्यवती टंडन निकालापासून सर्वोच्च न्यायालय उच्च न्यायालयांना बजावत आलं आहे की डीआरटीचा मार्ग असताना रिट ऐकू नये. एप्रिल २०२३ मध्ये साऊथ इंडियन बँकेच्या प्रकरणात तेच आणखी कडक शब्दांत आलं. खासगी एआरसीविरुद्ध तर रिट चालत नाही, हे जानेवारी २०२२ च्या फिनिक्स एआरसी निकालात स्पष्ट झालं.

तडजोडीपुरतं बोलायचं तर दोन निकाल लक्षात ठेवा. १५ डिसेंबर २०२१, बिजनौर अर्बन सहकारी बँक विरुद्ध मीनल अग्रवाल : एकरकमी तडजोड हा कर्जदाराचा हक्क नाही आणि ती द्या असा आदेश उच्च न्यायालय बँकेला देऊ शकत नाही. ४ नोव्हेंबर २०२२, स्टेट बँक विरुद्ध अरविंद्रा इलेक्ट्रॉनिक्स : मंजूर तडजोडीतली भरणा करायची मुदत उच्च न्यायालय वाढवू शकत नाही. म्हणजे शेवटचे चार लाख कमी पडले म्हणून आठवडाभराची मुदत मागायला गेलात तरी दरवाजा जवळजवळ बंदच. ती मुदत बँकेकडूनच, तारीख उलटायच्या आधी, लेखी घ्यावी लागते.

मग रिट कशासाठी? फट अगदी अरुंद आहे. रिझर्व्ह बँकेच्या मार्गदर्शक सूचनांवर बेतलेली, बँकेच्या मर्जीवर काही न सोडणारी योजना असेल, तुम्ही तिच्या सगळ्या अटींत बसत असाल आणि तरी बँकेने डावललं असेल, तर २००९ चा सरदार असोसिएट्सचा निकाल हाताशी आहे : अशा सूचना बँकांवर बंधनकारक आहेत. किंवा डीआरटीत पीठासीन अधिकारीच नाही, दाद मागायला जागाच उरलेली नाही आणि ताब्याची तारीख उद्यावर आली आहे. याखेरीज रिटवर घातलेला पैसा आणि त्याहून महाग ते ४५ दिवस वाया जाण्याची शक्यता जास्त. हायकोर्टातून ‘डीआरटीकडे जा’ असं ऐकून परत येईपर्यंत मुदत उलटलेली असते.

चारही मार्ग शेजारी ठेवले तर असं दिसतं :

| मार्ग | काय मिळू शकतं | काय मिळत नाही | दार कधी मिटतं |
|---|---|---|---|
| बँकेशी थेट तडजोड | व्याज, दंड, क्वचित मुद्दलात सूट | कारवाईला आपोआप स्थगिती | बोली लागल्यावर |
| लोकअदालत | फीविना अंतिम निवाडा | सरफेसीला अटकाव, अपील | बँक नाही म्हणाली की |
| डीआरटी | बेकायदा ताबा-लिलावाला रोख, मुदत | कर्जमाफी | पावलापासून ४५ दिवसांनी |
| हायकोर्ट | अपवादात्मक दाद | तडजोडीचा आदेश, वाढीव मुदत | दुसरा उपाय उपलब्ध असला की |

सहकारी बँक आणि पतपेढीचं कर्ज

मुंबईत हा मोठा वर्ग आहे. नागरी सहकारी बँकांना सरफेसी वापरता येतो का, हा वाद कोल्हापूर जिल्ह्यातल्या मुरगूडच्या बँकेच्या प्रकरणात ५ मे २०२० रोजी घटनापीठाने मिटवला : येतो. शिवाय सहकार कायद्याच्या कलम १०१ खाली उपनिबंधकांकडून वसुली दाखला घेऊन, बँकेचा वसुली अधिकारी कलम १५६ आणि नियम १०७ प्रमाणे जप्ती-विक्री करू शकतो. पतसंस्थांचा मुख्य रस्ता हाच.

इथली खरी लढाई दाखला निघण्याआधी असते. उपनिबंधकांपुढच्या सुनावणीची नोटीस आली की हजर राहून खात्याचा उतारा मागावा, व्याजदर मंजुरीपत्राशी ताडून पाहावा, जामीनदाराच्या सह्या खऱ्या आहेत का ते बघावं. बहुतेक जण जात नाहीत. दाखला निघाल्यावर कलम १५४ खाली पुनरीक्षण अर्ज करायचा तर येण्याच्या ५०% रक्कम संस्थेत भरावी लागते. नागरी बँकांसाठी सहकार खात्याची एकरकमी परतफेड योजना मुदतीने येत असते. ती आपल्या बँकेच्या संचालक मंडळाने स्वीकारली आहे का आणि तिची तारीख कोणती, हे बँकेला लेखी विचारावं.

बाकीचे दरवाजे, थोडक्यात

२० लाखांच्या आतलं येणं बँक दिवाणी न्यायालयात, पुष्कळदा समरी, म्हणजे झटपट निकालाच्या, दाव्याने, मागते. समन्स मिळाल्यापासून १० दिवसांत हजेरी नोंदवली नाही तर थेट हुकूमनामा होऊ शकतो. दावा व्यापारी स्वरूपाचा आणि ३ लाखांचा किंवा त्याहून मोठा असेल, तर तातडीची मागणी नसल्यास बँकेला दाव्याआधी मध्यस्थी करावीच लागते. ती नोटीस टाळू नये, तडजोडीची ती फुकट मिळालेली संधी आहे. एनबीएफसी लवादाकडे नेत असेल आणि लवाद तिने एकटीने नेमला असेल, तर त्या नेमणुकीला हरकत घेता येते, निवाड्यानंतरही तीन महिन्यांत. कंपनीच्या कर्जाला वैयक्तिक हमी दिलेल्या संचालकाला एनसीएलटीत, म्हणजे राष्ट्रीय कंपनी कायदा न्यायाधिकरणात, दिवाळखोरी संहितेच्या कलम ९४ खाली अर्ज करता येतो. पण पुढची प्रक्रिया खर्चीक असते आणि नाव दिवाळखोरीच्या नोंदीत जातं. साध्या पगारदारासाठी मुंबईत अजून १९०९ चा दिवाळखोरी कायदा आहे, अर्ज उच्च न्यायालयात. तारण असलेल्या बँकेचा हक्क मात्र त्याने सुटत नाही, त्यामुळे घर वाचवायला तो निरुपयोगी.

वकील परवडत नसेल तर जिल्हा विधी सेवा प्राधिकरणाकडे अर्ज करावा. स्त्रियांना तिथे उत्पन्नाची अट नाही, आणि सहकर्जदार म्हणून पत्नीची सही जवळजवळ प्रत्येक घरकर्जावर असते.

तडजोडनाम्यात काय लिहून घ्यायचं

वसुलीचं प्रकरण डीआरटीत किंवा कोर्टात चालू असेल तर रिझर्व्ह बँकेच्या २०२३ च्या चौकटीप्रमाणे तडजोड संमतीच्या हुकूमनाम्यातूनच व्हावी लागते. बँक ‘पैसे भरा, केस आम्ही मागे घेतो’ म्हणाली तरी कन्सेंट टर्म्स, म्हणजे दोन्ही बाजूंनी मान्य केलेल्या अटी, दाखल करूनच घ्या.

त्यात पुढचं स्पष्ट असावं. एकूण रक्कम आकड्यात आणि अक्षरात, प्रत्येक हप्त्याची तारीख, भरण्याचं खातं. हप्ता चुकला तर काय : सगळी सूट रद्द होऊन मूळ येणं उभं राहणार, की काही दिवसांची सवलत व्याजासह मिळणार? निदान १५ दिवसांची मागून पाहावी, कधी कधी मिळते. जामीनदार मुक्त होतात हे वेगळ्या वाक्यात लिहा, नाहीतर उरलेल्या रकमेसाठी त्यांच्या मागे लागण्याची वाट मोकळी राहते. चेक न वटल्याची कलम १३८ ची तक्रार चालू असेल तर ती मागे घेण्याची तारीख नमूद करा. घर वाचलं आणि फौजदारी समन्स मात्र चालूच राहिलं, अशी वेळ यामुळेच येते. हप्त्यांसाठी पुढच्या तारखांचे चेक मागितले तर जेवढे वटतील याची खात्री आहे तेवढेच द्यावेत, प्रत्येक न वटलेला चेक नवी तक्रार उभी करतो.

शेवटचा हप्ता भरल्यावर नो ड्यूज दाखला घ्यावा. घरकर्जासारख्या वैयक्तिक कर्जात मूळ कागदपत्रं ३० दिवसांत परत मिळायला हवीत. बँकेच्या चुकीने उशीर झाला तर १ डिसेंबर २०२३ पासून दर दिवसाला ५,००० रुपये भरपाई आहे आणि तडजोडीने बंद झालेल्या खात्यालाही ती लागू आहे. क्रेडिट अहवालात ‘सेटल्ड’ असा शेरा येईल आणि तीच बँक निदान १२ महिने नवं कर्ज देणार नाही. याची तयारी ठेवा. सरसाई या तारणांच्या केंद्रीय नोंदवहीतली बोजाची नोंद उतरली का ते पाहा, नोंदणीकृत गहाणखत असेल तर रिकन्व्हेयन्सचा, म्हणजे गहाण सुटल्याचा, दस्त करून घ्या, आणि हाउसिंग सोसायटीच्या दप्तरात भागपत्रावर बँकेचा ‘लिएन’, म्हणजे बोजा, नोंदवलेला असतो, तो काढण्याचं बँकेचं पत्र सेक्रेटरीकडे देऊन पोच घ्या. फ्लॅट विकायला काढला की पहिला अडथळा याच नोंदीचा येतो.